सोबत न आलेली फाइल : लेम, ऑडॅसिटी आणि एमपी३च्या पेटंटचा इतिहास

१/२४
मे २०१९ पूर्वी ज्यांनी विंडोज संगणकावर ‘ऑडॅसिटी’ हे मोफत ध्वनिसंपादन सॉफ्टवेअर वापरले असेल, त्यांना एक खिडकी आठवत असेल. ध्वनिमुद्रण झाले, काटछाट झाली, आता एमपी३ म्हणून जतन करायचे, एवढ्यात सॉफ्टवेअर विचारी : ‘लेम_एन्क.डीएलएल’ ही फाइल कोठे आहे? ती शोधून दिल्याखेरीज काम पुढे सरकत नसे. जगातील सर्वांत प्रचलित ध्वनिस्वरूपात फाइल बनवण्यासाठी लागणारा एकच तुकडा सोबत आलेला नसे. तो नजरचुकीने राहिलेला नव्हता, जाणीवपूर्वक बाहेर ठेवलेला होता. त्यामागे तीस वर्षांचा इतिहास आहे. हा थ्रेड त्या फाइलचा.

२/२४
इतिहासाचे विद्यार्थी सीमा वाचायला शिकतात. सीमेवरचे दगड, जकातनाके, तहांतील कलमे यांवरून सत्ता कोणाची होती ते कळते. सॉफ्टवेअरमध्येही अशा सीमा असतात. कोणता भाग एका फाइलमध्ये आणि कोणता दुसऱ्या फाइलमध्ये, हे बहुधा अभियंत्यांच्या सोयीने ठरते. ऑडॅसिटी आणि लेम यांच्यामधील रेषा मात्र पेटंट कायद्याने आखली होती. कायद्याची मुदत संपली आणि दोन वर्षांत ती रेषा पुसली गेली. ती कशी आखली गेली आणि तिची किंमत कोणी मोजली, हे क्रमाने पाहू.

३/२४
प्रथम ‘डीएलएल’ म्हणजे काय ते. गावात लग्नकार्याला लागणारी मोठी पातेली, पराती आणि सतरंज्या प्रत्येक घर विकत घेत नाही. देवळात किंवा मंडळाकडे एक संच असतो. ज्याच्या घरी कार्य असेल तो नेतो. सामायिक लायब्ररी फाइल ही तशीच व्यवस्था आहे. अनेक प्रोग्रामना लागणारे एखादे काम एका फाइलमध्ये लिहून ठेवायचे आणि गरज पडेल त्याने ते वापरायचे. ही कल्पना १९६०च्या दशकातील ‘मल्टिक्स’ या प्रणालीत दिसते. १९८५च्या पहिल्या विंडोजपासून ती ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’ या नावाने घरोघरच्या संगणकांत आली. लिनक्सवर अशा फाइलींच्या नावाअखेर ‘एसओ’ असते, मॅकवर ‘डायलिब’.

४/२४
प्रोग्राम आणि लायब्ररी यांची गाठ तीन प्रकारे बांधता येते. पहिल्या प्रकारात लायब्ररीचा मजकूर प्रोग्रामच्याच फाइलमध्ये कायमचा मिसळतो. दुसऱ्यात ती वेगळी राहते, पण प्रोग्राम सुरू होताना हजर असावीच लागते. तिसरा प्रकार आपल्या कथेत महत्त्वाचा आहे. प्रोग्राम तिच्यावाचून सुरू होतो, आणि प्रत्यक्ष गरज भासेल तेव्हाच ‘अमुक नावाची फाइल उघड, तीतले तमुक नावाचे काम शोध’ असे संगणकाला सांगतो. विंडोजमध्ये यासाठी ‘लोडलायब्ररी’ आणि ‘गेटप्रॉकअ‍ॅड्रेस’ ही दोन फंक्शने आहेत. म्हणजे एखादा प्रोग्राम आपला एक अवयव घरी न ठेवताही नांदू शकतो. या तांत्रिक सोयीचा पुढे कायदेशीर आसरा झाला.

५/२४
ध्वनीच्या सॉफ्टवेअरला ही रचना विशेष मानवली. १९९७ साली आलेल्या ‘विनअ‍ॅम्प’मध्ये आवाज वाचणाऱ्या फाइलींच्या नावाआधी ‘इन’ आणि आवाज बाहेर पाठवणाऱ्यांच्या नावाआधी ‘आउट’ असे. एमपी३ वाचणारा भागही ‘इन_एमपी३.डीएलएल’ नावाची स्वतंत्र फाइलच होता. १९९६ साली श्टाइनबर्ग कंपनीने आणलेल्या ‘व्हीएसटी’ पद्धतीतील वाद्ये आणि परिणाम विंडोजवर डीएलएल म्हणूनच वावरत. या सोयीला एक दुखणे जडलेले होते. एका प्रोग्रामने सामायिक फाइलची आवृत्ती बदलली की दुसरा प्रोग्राम कोसळे. संगणकवाल्यांनी त्याला ‘डीएलएल हेल’ असे नाव दिले होते. आता यंत्राकडून माणसांकडे वळू.

६/२४
जर्मनीतील एर्लांगेन येथील प्राध्यापक डीटर झाइट्सर यांना टेलिफोनच्या तारेवरून संगीत पाठवायचे होते. नवी आयएसडीएन वाहिनी येऊ घातली होती; तिच्या एका मार्गातून सेकंदाला ६४ हजार बिट जात. त्यांचा पेटंट अर्ज परीक्षकाने ‘हे अशक्य आहे’ म्हणून नाकारला, असे या प्रकल्पाच्या इतिहासात सांगितले जाते. अशक्य ठरलेले हे काम त्यांचे शिष्य कार्लहाइन्त्स ब्रांडेनबुर्ग यांनी संशोधनासाठी घेतले आणि १९८९ साली त्यावर डॉक्टरेट मिळवली. विद्यापीठ आणि फ्राउनहोफर ही संशोधनसंस्था यांनी मिळून हे काम पुढे नेले.

७/२४
अडचण किती मोठी होती ते आकड्यांत पाहावे. सीडीवर सेकंदाला ४४,१०० नमुने, प्रत्येक नमुना १६ बिटांचा, आणि डावी-उजवी अशा दोन वाहिन्या. गुणाकार केला की सेकंदाला १४,११,२०० बिट होतात. पाच मिनिटांचे गाणे सुमारे ५३ मेगाबाइट भरते. १२८ किलोबिट वेगाच्या एमपी३मध्ये तेच गाणे ४.८ मेगाबाइटमध्ये मावते. ५६ किलोबिटचा मोडेम पूर्ण वेगाने चालला असे धरले, तरी पहिल्या फाइलला दोन तासांहून अधिक वेळ लागेल आणि दुसरीला बारा मिनिटांच्या आत. घरगुती इंटरनेटवर संगीत पोहोचले, ते या अकरापट फरकामुळे.

८/२४
हे साधले मानवी कानाच्या मर्यादेचा अभ्यास करून. ढोल वाजत असताना शेजारची कुजबुज ऐकू येत नाही. जवळच्या स्वरांपैकी मोठा स्वर लहानाला झाकतो. जे कानाला ऐकूच येणार नाही त्यावर बिट का खर्चावेत? एमपी३चा एन्कोडर ध्वनीचे १,१५२ नमुन्यांचे तुकडे करतो, प्रत्येक तुकड्यातील कंपनसंख्या वेगळ्या काढतो आणि कोणता भाग किती ढोबळपणे लिहिला तरी चालेल ते ठरवतो. हे तंत्र पारखण्यासाठी ब्रांडेनबुर्ग यांनी सुझॅन वेगा यांचे ‘टॉम्स डायनर’ हे वाद्यांविना गायलेले गाणे पुनःपुन्हा वापरले. एकट्या मानवी आवाजात दोष झटकन उघडा पडतो.

९/२४
१९८८ साली ‘एमपेग’ हा आंतरराष्ट्रीय तज्ज्ञगट स्थापन झाला. त्याने ठरवलेल्या पहिल्या मानकात ध्वनीचे तीन थर होते. त्यांतील तिसरा थर म्हणजे एमपी३. मानक १९९२मध्ये पक्के झाले आणि १९९३मध्ये प्रसिद्ध झाले. त्यातील एक तरतूद इतिहासाच्या दृष्टीने निर्णायक ठरली. तयार फाइलची रचना कशी असावी आणि ती कशी वाचावी, हे मानकाने काटेकोर सांगितले. ती बनवावी कशी, हे मात्र बनवणाऱ्यावर सोपवले. म्हणजे छंद आणि वृत्त ठरलेले, कविता ज्याची त्याची. कोणीही अधिक चांगला एन्कोडर लिहावा आणि त्याची फाइल जगातील प्रत्येक डिकोडरने वाचावी, अशी वाट मोकळी राहिली.

१०/२४
मानक समजावे म्हणून आंतरराष्ट्रीय मानक संघटनेने नमुन्याचा सोर्स कोडही उपलब्ध केला. तो ‘डिस्ट१०’ या नावाने ओळखला जातो. तो संथ होता, कारण त्याचा हेतू वेग नव्हता, स्पष्टीकरण होता. मात्र जिज्ञासू विद्यार्थ्यांच्या हाती तो पडला आणि त्यातून हौशी एन्कोडर जन्मास आले. इकडे फ्राउनहोफरने जुलै १९९४मध्ये ‘एल३एन्क’ हा आपला एन्कोडर बाजारात आणला आणि १४ जुलै १९९५ रोजी संस्थेतील सहकाऱ्यांचे मत घेऊन फाइलींसाठी ‘.एमपी३’ हे नावशेपूट निश्चित केले. मानक सर्वांना खुले होते, पण त्यातील तंत्रावर पेटंट होती. खुले आणि फुकट हे दोन शब्द समानार्थी नव्हेत, हे लवकरच उघड झाले.

११/२४
एमपी३ची पेटंट अनेकांकडे होती; फ्राउनहोफरच्या वतीने परवाने देण्याचे काम फ्रान्सची थॉम्सन कंपनी पाही. प्रसिद्ध दरपत्रकानुसार डिकोडरच्या प्रत्येक प्रतीमागे पाऊण डॉलर आणि एन्कोडरमागे अडीच डॉलरपासून पुढे शुल्क होते; शिवाय वर्षाची किमान रक्कम १५ हजार डॉलर. मोठ्या कंपनीला हा किरकोळ खर्च. फुकट सॉफ्टवेअर वाटणाऱ्या विद्यार्थ्याला मात्र प्रत्येक डाउनलोडमागे स्वतःच्या खिशातून पैसे भरावे लागले असते. हाच हिशेब विंडोजमध्येही उमटला. तिच्यासोबत येणारी फ्राउनहोफरची ‘एल३कोडेका’ ही लायब्ररी ५६ किलोबिटच्या वर एमपी३ बनवून देत नसे. वरच्या दर्जासाठी वेगळी, व्यावसायिक आवृत्ती होती. परवान्याची कलमे अशी थेट फाइलीच्या आत लिहिलेली सापडतात.

१२/२४
सप्टेंबर १९९८मध्ये फ्राउनहोफरने एमपी३ सॉफ्टवेअर लिहिणाऱ्या अनेकांना पत्रे पाठवली : एन्कोडर वा डिकोडर वाटायचा किंवा विकायचा असेल तर परवाना घ्यावा लागेल. डिस्ट१०वर आधारलेल्या मोफत एन्कोडरांवर हा घाव होता. काहींनी आपले काम मागे घेतले. स्वीडनच्या तोर्द यान्सन यांचा ‘ब्लेडएन्क’ हा त्या काळी लोकप्रिय असलेला एन्कोडर होता. त्याची डीएलएल आवृत्तीही होती, म्हणजे इतर प्रोग्राम त्याला कामाला लावू शकत. हे नाव लक्षात ठेवावे. त्याची खूण पुढे एका अनपेक्षित ठिकाणी सापडणार आहे.

१३/२४
त्या पत्रानंतर मोफत सॉफ्टवेअरच्या जगासमोर दोन मार्ग होते. पहिला म्हणजे पेटंटमुक्त असे वेगळे ध्वनिस्वरूपच निर्माण करणे. ख्रिस माँटगोमेरी यांनी तो धरला आणि जुलै २००२मध्ये ‘ऑग व्हॉर्बिस’ची पहिली पूर्ण आवृत्ती आली. गुणवत्तेत ती उणी नव्हती, पण तोवर लोकांच्या संगणकांत आणि खिशातील प्लेयरमध्ये एमपी३ ठाण मांडून बसली होती. दुसरा मार्ग अधिक अवघड होता : एमपी३च बनवायची, पण कायद्याच्या कक्षेबाहेर पाऊल न टाकता. या मार्गावर ‘लेम’ उभे आहे.

१४/२४
१९९८मध्ये माइक चेंग यांनी डिस्ट१०चा वेग वाढवण्याचे काम हाती घेतले. त्यांनी पूर्ण एन्कोडर वाटला नाही. मूळ कोडमध्ये कोणत्या ओळी काढायच्या आणि कोणत्या घालायच्या, एवढेच सांगणारी ‘पॅच’ फाइल दिली. हे शुद्धिपत्रासारखे झाले. शुद्धिपत्र हाती असले तरी ग्रंथ स्वतःकडे असल्याशिवाय त्याचा उपयोग नाही. प्रकल्पाचे नावही तसेच ठेवले. ‘लेम’च्या आद्याक्षरांचा विस्तार ‘लेम हा एमपी३ एन्कोडर नाही’ असा होतो. यात विनोद होता तसे तथ्यही होते. एकट्या पॅचमधून एमपी३ची फाइल निघणे शक्यच नव्हते.

१५/२४
पुढे मार्क टेलर यांनी नेतृत्व स्वीकारले आणि वेगाबरोबर गुणवत्तेकडेही लक्ष दिले. ३.० या आवृत्तीत त्यांनी मानवी श्रवणाचे ‘जीसायको’ हे नवे प्रतिमान आणले. जगभरचे हौशी श्रोते कोणती फाइल मूळ आणि कोणती संकुचित हे न सांगता घेतलेल्या अंध श्रवणचाचण्यांमधून दोष हेरत आणि कोड लिहिणारे ते दुरुस्त करीत. मे २०००मध्ये डिस्ट१०ची शेवटची शिल्लक ओळही बदलली गेली. आता नावात ‘एन्कोडर नाही’ असूनही तो पूर्ण आणि स्वतंत्र एन्कोडर झाला होता. एमपेगने एन्कोडर मोकळा सोडला होता. त्या मोकळ्या जागेत स्वयंसेवकांनी घर बांधले.

१६/२४
लेमचा परवाना ‘एलजीपीएल’ होता. १९९१मध्ये या परवान्याचे मूळ नावच ‘लायब्ररी’वरून पडले होते, १९९९मध्ये ते ‘लेसर’ असे बदलले. कोणत्याही प्रोग्रामने ही लायब्ररी वापरावी, मात्र लायब्ररीचा कोड खुला राहावा आणि वापरकर्त्याला तिची सुधारित प्रत बसवता यावी, अशी त्याची भूमिका. स्वतंत्र सामायिक फाइल ही अट सहज पाळते. पण येथे कॉपीराइट आणि पेटंट यांतील भेद ध्यानात घ्यावा. कॉपीराइट लिहिलेल्या मजकुरावर असतो, पेटंट कल्पनेच्या वापरावर. लेमचा मजकूर सर्वस्वी त्यांचा होता; त्यातील कल्पना मात्र अजून दुसऱ्यांच्या मालकीच्या होत्या.

१७/२४
म्हणून लेम प्रकल्प केवळ सोर्स कोड प्रसिद्ध करीत राहिला. सोर्स कोड हे एखाद्या पद्धतीचे वर्णन आहे, ते अभ्यासासाठी आहे, अशी त्यामागची भूमिका. त्यापासून तयार डीएलएल बनवून ठेवण्याचे काम इतर संकेतस्थळे करीत. या ‘लेम_एन्क.डीएलएल’च्या आत डोकावले की पुरातत्त्वाचा आनंद मिळतो. तिच्यातील फंक्शनांची नावे इंग्रजी ‘बी’ आणि ‘ई’ या अक्षरांनी सुरू होतात. ही ब्लेडएन्कची आद्याक्षरे आहेत! ब्लेडएन्कच्या डीएलएलसाठी लिहिलेले प्रोग्राम न बदलता लेमवर चालावेत म्हणून जुनीच नावे ठेवली गेली. मागे पडलेल्या एन्कोडरचा शिक्का विजेत्याच्या अंगावर राहिला.

१८/२४
आता ऑडॅसिटी. १९९९मध्ये अमेरिकेतील कार्नेगी मेलन विद्यापीठात डॉमिनिक मॅझोनी आणि रॉजर डॅननबर्ग यांनी ती सुरू केली. २८ मे २००० रोजी ती लोकांपुढे आली. तिचा परवाना ‘जीपीएल’. १९९१च्या या परवान्याच्या दुसऱ्या आवृत्तीतील सातवे कलम कठोर आहे : पेटंटमुळे सॉफ्टवेअर पुढे मुक्तपणे वाटता येणार नसेल, तर ते मुळीच वाटू नये. म्हणजे कोणी ऑडॅसिटीपुरते शुल्क भरले असते, तरी तिची प्रत पुढे देणाऱ्या प्रत्येकाचा प्रश्न सुटला नसता. एका बाजूला पेटंट, दुसऱ्या बाजूला स्वतःचाच परवाना. एन्कोडर घरात घेता येत नव्हता.

१९/२४
आणि येथे चौथ्या भागातील तिसरी गाठ कामी आली. ऑडॅसिटीने एमपी३ बनवण्याचा एन्कोडर सोबत दिला नाही. तो कोठे आहे हे वापरकर्त्याला विचारण्याची खिडकी दिली. फाइल विंडोजवर ‘लेम_एन्क.डीएलएल’, लिनक्सवर ‘लिबएमपी३लेम’ची एसओ, मॅकवर त्याचीच डायलिब. त्यात आणखी एक मेख होती : ३२ बिटी प्रोग्रामला ६४ बिटी डीएलएल चालत नाही, त्यामुळे योग्य फाइल आणूनही कित्येकांचे काम अडे. दोन तुकडे जुळत ते फक्त वापरकर्त्याच्या संगणकावर. सॉफ्टवेअर वाटणाऱ्याच्या खांद्यावरील कायदेशीर ओझे अशा रीतीने शेवटच्या माणसाकडे सरकले, आणि त्या माणसाला बहुधा त्याची कल्पनाही नसे.

२०/२४
या व्यवस्थेची खरी किंमत विश्वासात मोजावी लागली. डीएलएल प्रोग्रामच्या आत शिरून चालते. प्रोग्रामला जे अधिकार, ते सर्व तिला मिळतात. अशी फाइल अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेण्याची सवय लाखो सामान्य वापरकर्त्यांना लागली, तर ती घातकच. ऑडॅसिटीचे मार्गदर्शन विशिष्ट संकेतस्थळाकडे बोट दाखवी, ते यासाठीच. लिनक्सच्या जगातही हीच कोंडी होती. २००२मध्ये रेड हॅटने आपल्या ८.० या आवृत्तीतून एमपी३ची सोय काढून टाकली. नवा वापरकर्ता गाणे लावू पाही, ते लागत नसे, आणि दोष पेटंटचा असूनही बोल लागे तो लिनक्सला.

२१/२४
मग फ्राउनहोफरला खलनायक ठरवावे काय? इतक्या सहज नाही. अशक्य म्हणून नाकारलेल्या प्रश्नावर त्या लोकांनी अनेक वर्षे खर्च केली आणि परवान्यांच्या उत्पन्नातून पुढील संशोधन उभे राहिले. वाद तत्त्वाचा होता : गणिती पद्धतीवर मालकी असावी का? भारताच्या पेटंट कायद्यातील ३(के) कलम गणिती पद्धत, अल्गोरिदम आणि निव्वळ संगणक प्रोग्राम यांना पेटंट नाकारते. डिसेंबर २००४च्या अध्यादेशाने हे दार किलकिले केले. २००५च्या कायद्यात संसदेने तो बदल वगळला. त्याच वर्षी ६ जुलैला युरोपीय संसदेने सॉफ्टवेअर पेटंटसंबंधीचा प्रस्ताव ६४८ विरुद्ध १४ मतांनी फेटाळला. एका डीएलएलमागचा प्रश्न त्या काळात जगभर चर्चेत होता.

२२/२४
पेटंटला आयुष्य असते. युरोपात अर्जापासून २० वर्षे. अमेरिकेत जून १९९५पूर्वीच्या अर्जांना मंजुरीपासून १७ किंवा अर्जापासून २० वर्षे, यांतील जी मुदत लांब ती मिळे. त्यामुळे तेथील पेटंट अधिक काळ टिकली. फेडोरा लिनक्सने नोव्हेंबर २०१६मध्ये एमपी३ ऐकण्याची आणि मे २०१७मध्ये ती बनवण्याची सोय स्वीकारल्याचे जाहीर केले. दरम्यान २३ एप्रिल २०१७ रोजी एमपी३ची परवाना योजना समाप्त झाली. तेव्हा अनेक वृत्तपत्रांनी ‘एमपी३चा मृत्यू’ असे मथळे दिले. घडले ते नेमके उलट होते. एमपी३ मेली नव्हती, मालकांच्या ताब्यातून सुटून सार्वजनिक झाली होती.

२३/२४
मे २०१९मध्ये ऑडॅसिटीची २.३.२ ही आवृत्ती आली. लेम आता सोबतच होते. ती खिडकी नाहीशी झाली. नव्या वापरकर्त्याला ती कधी होती हेही कळणार नाही. सीमा मात्र सर्वत्र मिटली नाही. त्याच ऑडॅसिटीला विंडोजवर एम४ए फाइल बनवायची असेल तर ३ क्रमांकाच्या आवृत्त्यांमध्येही ‘एफएफएमपेग’च्या लायब्ररी फाइली वेगळ्या आणाव्या लागतात, कारण एम४एमागील एएसी तंत्राची परवाना-व्यवस्था अजून चालू आहे. जकातनाका उठला नाही, पुढच्या गावी हलला.

२४/२४
इतिहासाची साधने केवळ दफ्तरखान्यात नसतात. ‘ही फाइल सोबत का नाही?’ हा प्रश्न एर्लांगेनच्या प्रयोगशाळेपासून जीपीएलच्या सातव्या कलमापर्यंत आणि दिल्लीच्या संसदेपर्यंत नेतो. सॉफ्टवेअरच्या आवृत्त्यांची टिपणे, परवान्यांचे मसुदे, फंक्शनांची जुनी नावे ही आपल्या काळाची कागदपत्रे आहेत आणि ती शिलालेखांहून लवकर पुसली जातात. ब्लेडएन्क आज कोणी वापरत नाही. पण एखाद्या जुन्या संगणकात ‘लेम_एन्क.डीएलएल’ पडून असेल, तर तिच्यात ‘बी’ आणि ‘ई’ ही दोन अक्षरे अजून जागेवर सापडतील. ती फाइल पुसून टाकण्यापूर्वी एकदा उघडून पाहावी.